कात्रजचा घाट आणि निःशस्त्र रयत

एखाद्यास हातोहात फसविले म्हणजे 'त्याला कात्रजचा घाट दाखविला' असे आपण म्हणतो. या वाक्प्रचारामागे सांगितली जाणारी कथा मराठी माणसास शाळेपासून ठाऊक असते. ५ एप्रिल १६६३ च्या रात्री शिवाजी महाराजांनी पुण्यातील लाल महालात शाइस्तेखानावर छापा घातला. खान बोटांवर निभावला. पाठलागावर निघालेल्या मोगली फौजेची दिशाभूल व्हावी म्हणून कात्रजच्या घाटात झाडांना आणि बैलांच्या शिंगांना पलिते बांधून पेटविण्यात आले. मोगल त्या उजेडामागे धावले आणि महाराज सिंहगडाकडे निघून गेले. छाप्याची घटना समकालीन साधनांनी सिद्ध आहे, पलित्यांची गोष्ट परंपरेची आहे. त्या युक्तीची चिकित्सा करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू नाही. आमचे लक्ष जाते ते त्या बैलांकडे. बैल म्हणजे कुणब्याचा नांगर, त्याची मोट आणि त्याची गाडी. ते बैल कोणाच्या गोठ्यातले होते, शिंगांवरची आग पाहून उधळल्यावर त्यांचे पुढे काय झाले, हे ही कथा रंगवून सांगणाऱ्या कोणी विचारलेले आमच्या ऐकिवात नाही. त्या रात्री लाल महालाच्या अंधारात खानाच्या जनान्यातील काही स्त्रियाही कापल्या गेल्या, हेही कथेच्या रंगात सहसा राहून जाते.

दोन सैन्ये एकमेकांवर चालून जात असता ज्यांच्या हाती शस्त्र नाही अशा माणसांचे रक्षण कोणी करावयाचे, हा प्रश्न आज आंतरराष्ट्रीय कायद्याच्या भाषेत मांडला जातो. परंतु तो या भूमीस नवा नाही. पुणे, कात्रज आणि पश्चिमेची मावळखोरी हा सारा टापू फौजांच्या वाटेवरचा आहे, आणि या टापूत किंवा त्याच्या शेजारी या प्रश्नाला दिलेली उत्तरे दोन हजार वर्षांच्या अंतराने कागदावर व दगडावर शिल्लक आहेत. ती उत्तरे वाचताना आम्ही एकच कसोटी लावणार आहोत : रक्षणाची आज्ञा निघाली तेव्हा तिच्या कक्षेत कोण आले आणि कोण बाहेर राहिले?

प्रथम सतराव्या शतकातील पुण्याची स्थिती ध्यानात घ्यावी. १६३० च्या सुमारास आदिलशाहीचा सरदार मुरार जगदेव याने पुणे जाळून उद्ध्वस्त केले. गाढवांचा नांगर फिरवून, पहार ठोकून तिला फाटकी वहाण टांगली, असे परंपरा सांगते. त्याच सुमारास दख्खनचा मोठा दुष्काळ पडला. ओस पडलेली गावे पुन्हा वसविण्याचा त्या काळचा मार्ग म्हणजे कौल. परागंदा झालेल्या रयतेस 'परत या, लावणी करा, पहिली काही वर्षे सारा हलका घेऊ, तुम्हांस उपद्रव लागणार नाही' असे अभय लेखी दिले जाई. कौल ही दयेची भाषा असली तरी तीत राज्यकर्त्याची गरजही होती. रयत पळाली की वसूल बुडतो. १६६० च्या मे महिन्यात शाइस्तेखान पुण्यात येऊन बसला तेव्हा हा वसता झालेला मुलूख पुन्हा उजाड झाला. चाकणचा किल्ला छप्पन्न दिवस लढला, त्याची कथा आपण अभिमानाने सांगतो. त्या छप्पन्न दिवसांत भोवतालच्या उभ्या रानाचे काय झाले असेल, ते शेतकऱ्याच्या घरी जन्मलेल्या वाचकास आम्ही सांगावयास नको.

या अनुभवातून आलेला एक असाधारण कागद आहे. राज्याभिषेकाच्या सुमारास चिपळूण तालुक्यात मुक्कामास असलेल्या घोडदळाच्या जुमलेदार, हवालदार व कारकुनांस महाराजांनी लिहिलेले ते पत्र होय. पावसाळ्यासाठी दाणा व वैरण साठविली आहे; ती आताच उधळाल तर पुढे घोडी उपाशी मरतील; मग तुम्ही कुणब्यांकडचा दाणा, कोणी भाकर, कोणी गवत, कोणी लाकडे, कोणी भाजी हिसकावू लागाल; लोक गाव सोडून जातील आणि मोगलांपेक्षा तुम्हीच वाईट असे म्हणतील, असा त्याचा आशय आहे. जे लागेल ते बाजारात दाम मोजून विकत घ्यावे, अशी आज्ञा आहे. एवढ्यावर पत्र थांबत नाही. रात्री दिवे जळते ठेवू नका, उंदीर जळती वात नेऊन गंजी पेटवील, येथपर्यंत ते जाते. आम्हांस या पत्राचे मोल त्याच्या उदात्ततेपेक्षा त्याच्या बारकाव्यात वाटते. लूट ही नेहमीच क्रूर माणसाच्या हातून होते असे नाही. ज्याची वैरण संपली आहे अशा सामान्य शिपायाकडून ती होते. म्हणून रयतेचे रक्षण वैरणीच्या हिशेबापासून सुरू झाले पाहिजे, ही समज या पत्रात आहे. पुढे १७१५ च्या आज्ञापत्रात, आरमारासाठी लाकूड लागले तरी रयतेची आंब्या-फणसाची झाडे तिच्या मर्जीविरुद्ध तोडू नयेत, असे सांगितले आहे. तीही त्याच समजुतीची संतती.

तथापि कसोटी येथेही लावावी लागते. सभासदाच्या बखरीत परमुलखात जाणाऱ्या फौजेसाठी घातलेले नियम दिले आहेत. बायका-पोरांना धरू नये, गाय धरू नये, बैल ओझ्यापुरते घ्यावेत, ब्राह्मणास उपद्रव देऊ नये आणि खंडणीच्या ठिकाणी ब्राह्मणास ओलीस ठेवू नये. त्या युगातील युद्धांच्या मानाने स्त्रियांविषयीचा नियम फार मोठा आहे, आणि खाफीखानासारख्या वैरी इतिहासकारानेही महाराजांच्या या वर्तनाची नोंद केली आहे. परंतु यादी पुन्हा एकदा वाचावी. गाय सुटली, ब्राह्मण सुटला. बैल ओझ्यास लागला. ते ओझे वाहणारा, वाट दाखविणारा, वेशीवर रात्र जागणारा माणूस यादीत नाही. तो गावकुसाबाहेर राहत होता. महार, मांग यांची गावकामगार म्हणून जी कर्तव्ये वतनाच्या नावाने ठरली होती, त्यांत सरकारी वेठ होतीच. गडाला गवत-लाकूड पोहोचविणे आणि सरकारी सामान एका गावच्या शिवेवरून दुसऱ्या गावच्या शिवेपर्यंत डोक्यावर नेणे ही कामे हक्काने घेतली जात. युद्ध आले म्हणजे ही वेठ वाढणार, हे उघड आहे. म्हणजे भाजीचे देठ संरक्षित झाले आणि डोक्यावर भारा घेतलेला माणूस मात्र साधनसामग्रीत मोजला गेला. हा दोष एका राजाचा नव्हे. रयत या शब्दाचा अर्थच ज्या समाजाने आपल्या उतरंडीप्रमाणे आखला होता, त्या समाजाचा तो दोष आहे. पुढच्या शतकात हीच उतरंड पुण्याच्या वेशीवर किती कडक झाली, हे या नियतकालिकाच्या वाचकांस सांगण्याची आवश्यकता नाही. १७६३ साली निजामअलीच्या फौजेने पुणे लुटून जाळले तेव्हा पेशव्यांचा परिवार आणि ज्यांस शक्य होते ते नागरिक गडांच्या आश्रयास गेले. गडाचा दरवाजा कोणासाठी उघडतो, हाही कसोटीचाच प्रश्न आहे.

आता याच टापूत मागे जाऊ. 'मावळ' हे नाव सातवाहनकालीन 'मामल' या नावातून आले आहे. पुण्याच्या वायव्येस कार्ल्याच्या चैत्यगृहात मामल येथील अमात्यास पाठविलेली एक राजाज्ञा कोरलेली आहे. वलुरक लेण्यांतील महासांघिक भिक्षूंना करजिक नावाचे गाव दिल्याची ती आज्ञा असून, त्यासोबत भिक्षुहल म्हणून मिळणाऱ्या सवलती तीत सांगितल्या आहेत. याच सवलती नाशिकच्या लेण्यांतील गौतमीपुत्र सातकर्णीच्या लेखात अधिक तपशिलाने येतात. त्या प्राकृत शब्दांकडे पालिच्या अभ्यासकाने थांबून पाहिले पाहिजे. 'अपावेस' म्हणजे राजाच्या माणसांनी, अर्थात शिपायांनी व अधिकाऱ्यांनी, त्यात प्रवेश करू नये. 'अनोमस' म्हणजे त्यास हात लावू नये. 'अलोणखादक' म्हणजे मिठासाठी तेथे खणू नये. 'अरठसंविनयिक' म्हणजे प्रांताच्या बंदोबस्तवाल्यांनी तेथे ढवळाढवळ करू नये. शेताच्या बांधावर येऊन राजसत्तेने आपली पावले थांबवावीत, असे ते शब्द आहेत.

ही आज्ञा कोठून निघाली, हे अधिक महत्त्वाचे. राज्यवर्ष १८ चा नाशिकचा लेख सांगतो की ती वैजयंतीच्या सेनेच्या विजयस्कंधावारातून, म्हणजे जिंकलेल्या फौजेच्या छावणीतून निघाली. गोवर्धनच्या विण्हुपालित नावाच्या अमात्यास ती लिहिलेली आहे. दिलेले शेत दोनशे निवर्तनांचे आहे आणि ते आजवर उसभदाताच्या भोगवट्यात होते, असे लेखात स्पष्ट म्हटले आहे. उसभदात म्हणजे क्षहरात नहपानाचा जावई, गौतमीपुत्राच्या शत्रुपक्षाचा प्रमुख पुरुष आणि याच लेण्यांचा मोठा दाता. कार्ल्याचे करजिक गावही त्यानेच आधी भिक्षूंना दिले होते. शत्रूच्या दानावर जगणारे म्हणून भिक्षूंना हुसकावून लावणे विजेत्यास अवघड नव्हते. त्याने छावणीतूनच त्यांना अभय लिहून दिले. युद्ध चालू असता वा नुकतेच संपले असता, शत्रूच्या आश्रितांचे निःशस्त्र म्हणून रक्षण करणारा इतका जुना आणि इतका नेमका लेख महाराष्ट्रात दुसरा दाखविता येणार नाही, असे आमचे मत आहे.

सहा वर्षांनी, राज्यवर्ष २४ मध्ये, त्याच भिंतीवर दुसरी आज्ञा कोरली गेली. ती गौतमीपुत्राच्या व राजमातेच्या नावे आहे. कखडी गावात भिक्षूंना पूर्वी शेत दिले होते. ते शेत कसले जात नाही आणि गाव वसत नाही. म्हणून नगराच्या सीमेवरील राजकीय शेतातून शंभर निवर्तने त्यांस द्यावीत, असे ती सांगते. या आज्ञेकडे आम्ही शेवटी पुन्हा वळू.

भिक्षुसंघाने स्वतःसाठी युद्धकाळात काय नियम केले, हे विनयपिटकात पाहावयास मिळते. पाचित्तियाच्या अठ्ठेचाळिसाव्या नियमाने चढाईस सज्ज झालेली सेना पाहावयास जाण्याची भिक्षूस मनाई केली. हा नियम घडण्याचे निमित्त असे की षड्वर्गीय भिक्षू पसेनदी राजाची फौज पाहावयास गेले, आणि लोक म्हणाले की आम्ही पोटासाठी, बायकामुलांसाठी सेनेत येतो हे आमचे दुर्दैव. हे कशासाठी येतात? त्यास एक अपवाद लगेच झाला, कारण एका भिक्षूचा मामा सैन्यात आजारी पडला होता. पुढच्या नियमाने कारण असल्यास दोन-तीन रात्री राहण्याची मुभा दिली. लढाई हा पाहण्याचा तमाशा नव्हे, आजारी माणूस मात्र कोणत्याही छावणीतला असला तरी त्याच्याकडे जावे, हा त्यातील विवेक आहे.

याहून मोलाचा नियम महावग्गात वर्षावासाच्या प्रकरणी येतो. वर्षावासात भिक्षूने जागा सोडू नये, हा सामान्य दंडक. परंतु एका ठिकाणी चोरांच्या, म्हणजे सशस्त्र टोळ्यांच्या, उपद्रवाने गावच उठून गेले. भिक्षूंनी काय करावे, असा प्रश्न आला. भगवंतांनी सांगितले की गाव जिकडे गेले तिकडे जावे. गाव दोहोंकडे फुटले तर जिकडे अधिक लोक गेले तिकडे, आणि ते अश्रद्ध असतील तर जिकडे श्रद्धावान आहेत तिकडे जावे. यात भिक्षेची सोय आहे हे आम्ही नाकारीत नाही. परंतु विहाराची जागा, भिंती आणि मर्यादित केलेली सीमा यांपेक्षा विस्थापित झालेला जनसमूह हाच संघाचा खरा आधार आहे, अशी त्यामागची दृष्टी आहे. जे विद्वान बौद्ध भिक्षूस जगाकडे पाठ फिरविणारा संन्यासी ठरवितात, त्यांच्या नजरेस हा नियम पडलेला दिसत नाही.

सम्राट अशोकाचा तेरावा शिलालेख आपल्या परिचयाचा आहे. लेखमालेच्या आठव्या व नवव्या लेखांचे तुकडे आपल्या सोपाऱ्यासही सापडले आहेत. कलिंगात दीड लाख माणसे बंदी करून नेली, एक लाख मारली गेली आणि त्याच्या कित्येक पट मेली, असे तो लेख सांगतो. आम्ही त्यातील हिशेबाच्या रीतीकडे लक्ष वेधू इच्छितो. जगातील विजयलेख शत्रूचे मुडदे मोजतात. येथे विस्थापितांची संख्या प्रथम येते, मृतांची नंतर, आणि त्यानंतर ज्यांस शस्त्र लागलेच नाही अशांची व्यथा येते. श्रमण, ब्राह्मण, गृहस्थ, मित्र-आप्तांशी आणि दास-सेवकांशी नीट वागणारे लोक यांची ताटातूट झाली. जे स्वतः सुखरूप राहिले त्यांनाही स्नेह्यांच्या विपत्तीने आघात पोहोचला. प्रत्यक्ष कलिंगात, धौली व जौगढ येथे, हा तेरावा लेख कोरला नाही. त्याऐवजी तेथे जे दोन स्वतंत्र लेख आहेत त्यांत कोणास विनाकारण कैद वा छळ होऊ नये, अशी नगराधिकाऱ्यांस ताकीद आहे. जिंकलेल्या प्रजेपुढे पश्चात्तापाचे शब्द मांडण्याऐवजी तिच्यावर नेमलेल्या अधिकाऱ्यांचे हात बांधणे, यातील शहाणपण आम्हांस अधिक भावते. परंतु कसोटी अशोकासही चुकत नाही. त्याच तेराव्या लेखात अटवीतील लोकांना, म्हणजे जंगलवासीयांना, तो समजावतो आणि त्यासोबतच पश्चात्ताप झाला तरी आपले सामर्थ्य शिल्लक आहे असे बजावतो.

अटवीची ही गोष्ट प्राचीन म्हणून सोडून देता येत नाही. महाराष्ट्राच्या पूर्व टोकास गडचिरोलीच्या व त्यापलीकडे बस्तरच्या अरण्यात १९८० नंतरच्या दशकांत माडिया-गोंड गावकरी दोन बंदुकांमध्ये सापडला. एका बाजूने तो खबऱ्या ठरला, दुसऱ्या बाजूने नक्षलवादी. छत्तीसगडमध्ये २००५ साली सलवा जुडूम सुरू झाली, गावे उठवून छावण्यांत आणली गेली आणि आदिवासी तरुणांच्या हाती विशेष पोलीस अधिकारी म्हणून बंदुका दिल्या गेल्या. सर्वोच्च न्यायालयाने ५ जुलै २०११ रोजी ही व्यवस्था घटनाबाह्य ठरविली. निःशस्त्र माणसास संघर्षात ओढून सशस्त्र करणे हादेखील त्याच्या निःशस्त्रपणाचा भंग आहे, हे त्या निकालाने आपल्यापुढे ठेवले.

दुसऱ्या महायुद्धाच्या संहारानंतर १२ ऑगस्ट १९४९ रोजी जिनिव्हा येथे चार करार झाले. त्यांतील चौथा केवळ नागरिकांच्या रक्षणासाठी आहे. भारताने १९५० साली त्यांस मान्यता दिली आणि १९६० साली त्यासाठी कायदा केला. चौथ्या करारातील तीन गोष्टी आमच्या विवेचनाशी थेट जुळतात. ताब्यातील मुलखातून लोकांना जबरीने हलवू नये, आणि सुरक्षिततेसाठी हलविले तर लढाई थांबताच त्यांना घरी आणावे. त्यांना युद्धकार्यात भाग घ्यावा लागेल अशा कामास जुंपू नये. ओझेवाल्याचा विचार येथे कायद्याने केला. आणि चारही करारांस समान असलेले तिसरे कलम, जे देशांतर्गत संघर्षासही लागू होते, ते सांगते की ज्यांनी शस्त्र धरलेले नाही वा खाली ठेवले आहे त्यांस माणुसकीने वागवावे, आणि त्यात वंश, वर्ण, धर्म, लिंग, जन्म वा संपत्ती यांवरून भेद करू नये. या यादीतील 'जन्म' हा शब्द आपण अधोरेखित करावा. सभासदाच्या यादीत जो नव्हता तो येथे आला आहे. १९७७ च्या दोन पूरक करारांत पिके, गुरेढोरे आणि पिण्याच्या पाण्याची साधने नष्ट करण्यास बंदी घातली गेली. पेशवाईत कात्रजच्या तलावातून दगडी नळाने पुण्यास पाणी आणले होते. अशा नळास आज तो कायदा संरक्षित वस्तू म्हणेल. या पूरक करारांत भारत अद्याप सामील झालेला नाही, आणि गडचिरोलीसारख्या संघर्षास शासन कायदा-सुव्यवस्थेचा प्रश्न मानीत आले आहे.

वेठीचा प्रश्न मात्र आपल्या देशात जिनिव्हाची वाट पाहत बसला नाही. बोधिसत्त्व डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई कायदेमंडळात महार वतनासंबंधी विधेयक मांडले, ते वतनाच्या नावाने चालणाऱ्या या गुलामगिरीविरुद्धच होते. संविधानाच्या २३ व्या अनुच्छेदाने वेठबिगार बेकायदा ठरविली. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात सिद्धार्थाच्या गृहत्यागाचे कारण म्हणून बाबासाहेबांनी चार दृश्यांची कथा न स्वीकारता रोहिणीच्या पाण्यावरून शाक्य-कोलियांत उभे राहिलेले युद्ध पुढे ठेवले, हेही याच संदर्भात पाहावे. जातक-अट्ठकथेत त्या तंट्याची एक बोलकी बाब आली आहे. तथागत राजांना विचारतात की भांडण कशाचे आहे? राजांना ठाऊक नसते. ते उपराजास विचारतात, तो सेनापतीस, आणि असे विचारत खाली गेल्यावर शेतावरच्या दास-कामकऱ्यांपाशी उत्तर मिळते की भांडण पाण्याचे आहे. सैन्ये समोरासमोर उभी असता युद्धाचे कारण ज्यांना ठाऊक होते ते शेवटच्या पायरीवरचे लोक होते, आणि तोवर त्यांस कोणी विचारले नव्हते.

आता कखडीच्या आज्ञेकडे वळू. लेख कोरणाऱ्याने शेताची मापे दिली आहेत, अमात्याचे नाव दिले आहे, सवलती एकेक करून पुन्हा नोंदविल्या आहेत. भिक्षूंचे नुकसान भरून निघाले, राजाज्ञा पाळली गेली, आणि ती पाळली गेल्याचा पुरावा आपल्या लेण्याच्या भिंतीवर आजही वाचता येतो. गाव वसत नाही हे तेथे दोन-तीन शब्दांत आले आहे. ते शेत कसणारी माणसे गाव सोडून कोठे गेली, त्यांना कोणी कौल दिला का, आणि विनयाच्या नियमाप्रमाणे कोणी भिक्षू त्यांच्यामागे गेला का, यांविषयी त्या लेखात एकही अक्षर नाही. लेणे आपले आहे, लेखही आपलाच आहे; म्हणून हा प्रश्न प्रथम आपण विचारावयाचा आहे.